यादीत नसलेलं नाव

४ जून

धाकटीस,

आज साडेदहाला कोर्टात पोचलो. आपला पुकारा दुपारी तीन चाळीसला झाला. काम चार मिनिटं चाललं. अर्ज नामंजूर. सव्वापाचला घरी आलो, चहा केला, तो दोन कप झाला, एक ओतून दिला.

ताई गेल्याचं तुला फेब्रुवारीत कळवलं होतं. तुझं ‘कळलं’ असं एका शब्दाचं उत्तर आलं. त्याबद्दल तक्रार नाही. आज लिहायचं कारण वेगळं आहे. आज भर कोर्टात तुझं नाव तीनदा घेतलं गेलं. एखाद्याचं नाव त्याच्या पाठीमागे घेतलं तर त्याला कळवावं, एवढाच हेतू. फोनवर मला बोलता येत नाही हे तुला माहीत आहे.

दावा खिडकीचा आहे. मागच्या खोलीची उत्तरेकडची खिडकी, जिच्यापाशी बसून तुम्ही दोघी बहिणी रफू करायचात. मागचं बैठं घर एका टाइल्सवाल्याने घेतलं. त्याला तिथे गोदामाचे दोन मजले चढवायचे आहेत, आणि त्याची भिंत आपल्या खिडकीपासून हातभर अंतरावर येते. ताईने दावा लावला आणि निकालापर्यंत भिंतीला मनाई हुकूम मिळवला. ती गेल्यावर तिच्या जागी माझं नाव लागलं. खिडकीतून वीस वर्षं अखंड उजेड येतोय हे सिद्ध केलं तर त्याला ती बुजवता येणार नाही. तो म्हणतो, खिडकी बारा वर्षांपूर्वी फोडली. पुरावा काय, तर चौकट नवी आहे. जुनी चौकट वाळवीने खाल्ली म्हणून बदलली हे तुला ठाऊक आहे, मला ठाऊक आहे, सुताराला ठाऊक होतं. सुतार वारला.

आमच्या यादीत आठ साक्षीदार होते. दूधवाला, पेपरवाला, निवृत्त पोस्टमन, समोरचे मास्तर वगैरे. सगळी भली माणसं. सगळ्यांनी शपथेवर सांगितलं की हे घर आम्ही वर्षानुवर्षं ओळखतो. समोरच्या वकिलाने उलटतपासात प्रत्येकाला एकच प्रश्न विचारला, “मागची खोली आतून कधी पाहिलीत?” आठही जणांनी घर पुढून पाहिलेलं. खिडकी मागे. पोस्टमन तर म्हणाला, “साहेब, पत्र मागच्या खिडकीतून कोण टाकतं?” सगळं कोर्ट हसलं. मी नाही हसलो.

म्हणून आमच्या वकिलांनी अर्ज दिला की आणखी एका साक्षीदाराला समन्स काढावं. ती साक्षीदार तू. चौकट बदलायच्या आधी आणि नंतर त्या खोलीत बसलेलं माणूस आता तूच एक उरली आहेस. मी आहे, पण मी वादी. माझी साक्ष झाली, आणि ती माझ्याच सोयीची धरतात.

न्यायाधीश बाईंना सर्दी झाली होती. नाकाशी रुमाल धरून त्यांनी आमची मूळ यादी वाचली.

“हिचं नाव यादीत का नाही?”

“नजरचुकीने राहिलं,” वकील म्हणाले.

“यादीत दूधवाला आहे. पेपरवाला आहे. पेपरवाल्याच्या आधी जो पेपर टाकायचा तोसुद्धा आहे. आणि अठरा वर्षं त्या खोलीत काम केलेली सख्खी बहीण नजरचुकीने राहिली? यादी कोणी केली?”

मी उभा राहिलो.

“तुम्ही काय करत होतात?”

“शाळेत कारकून होतो. हजेरीपट माझ्याकडे असायचे. एकतीस वर्षं.”

“एकतीस वर्षांत किती मुलांची नावं राहिली?”

“एकाचंही नाही.”

“बसा. यादीबाहेरच्या साक्षीदाराला बोलवायचं की नाही हे कोर्टाच्या मनावर असतं. पण मन वळवायला कारण लागतं. हे कारण नव्हे. नामंजूर.”

एवढंच. तुझ्याकडून काही नको आहे. कळवायचं होतं, कळवलं.

भावोजी


१९ जून

धाकटीस,

आज पुन्हा कोर्टात. पुकारा बारा वाजता झाला, म्हणजे लवकरच म्हणायचा. बाकावर शेजारी एक गृहस्थ होते, ते बांधाच्या भांडणासाठी अकरा वर्षं येताहेत. त्यांनी मला डब्यातली अर्धी पोळी दिली आणि विचारलं, “नवीन का?” दीड वर्ष झालं म्हटल्यावर म्हणाले, “म्हणजे नवीनच.”

वकिलांनी मला गेल्या आठवड्यात झापलं. “काका, तुम्ही तोंडात गुळणी धरून बसता आणि कोर्टात माझं हसं होतं. तोच अर्ज पुन्हा चालत नाही. नवं कारण आणा.”

मी म्हटलं, “कारण जुनंच आहे. तुम्हाला सांगितलं नव्हतं.”

ते असं. यादी जानेवारीत केली. ताई अंथरुणावर होती, ती सांगायची आणि मी लिहायचो. सात नावं झाली. मग माझं पेन थांबलं. ती भिंतीकडे तोंड करून पडली होती, तरी तिला ते कळलं. म्हणाली, “पेन का थांबलं?” मी म्हटलं, “धाकटी?” ती म्हणाली, “पुढचं लिही.” मी पुढचं लिहिलं. पेपरवाल्याच्या आधीचा पेपरवाला.

तू गेल्यापासून तुझं नाव घरात घ्यायचं नाही असा तिचा हुकूम होता, आणि मी तो नऊ वर्षं पाळला. हजेरीपटात नाव असलं तर हाक मारायची, नसलं तर मारायची नाही. मला तेवढंच येतं.

हे सगळं आज कोर्टात सांगावं लागलं. परक्या माणसांसमोर. टाइल्सवाला पुढच्या बाकावर पाय हलवत ऐकत होता.

न्यायाधीश बाई म्हणाल्या, “म्हणजे विसरला नाहीत. वगळलंत.”

“हो.”

“विसरणाऱ्याला मी मदत करू शकते. वगळणाऱ्याला का करावी?”

आमचे वकील म्हणाले, “आजारी बाईचं मन मोडवलं नाही त्यांना.” समोरचे वकील म्हणाले, “वरातीमागून घोडं आहे हे, साहेब. आमचा पुरावा सुरू व्हायची वेळ आली आणि यांना आता मेहुणी आठवली.” मग बाईंनी बराच वेळ काही लिहिलं आणि वाचून दाखवलं. समन्स निघणार नाही. नात्यातल्या बाईला शिपाई पाठवून बोलावणं हे कोर्टाचं काम नाही. मात्र ती स्वतःहून अकरा जुलैला हजर राहिली, तर समोरच्यांची हरकत नोंदवून तिची साक्ष घेतली जाईल.

वकील खूश. पाठीवर थाप मारून म्हणाले, “काका, अर्धं काम झालं.” मला तर उलट वाटलं. समन्स निघालं असतं तर तुला शिक्क्याचा कागद आला असता. तू मला शिव्या घालत आली असतीस, पण आली असतीस, आणि मला काही विचारावं लागलं नसतं. आता कोर्टाने हात झटकले आणि सगळं माझ्यावर टाकलं. मी कधी कोणाला काही मागितलेलं नाही. शाळेत खडूची पेटीसुद्धा मी चिठ्ठी लिहून मागायचो.

तर विचारतो. येशील का?

तुला वाटेल, ताई गेली, आता खिडकीचं एवढं काय? ताई नुकतीच उठून गेल्यासारखी तिची बैठक तिथे आहे. भिंत आली की भरदुपारी दिवा लावून आत जावं लागेल, आणि मग ती अडगळीची खोली होईल हे मला आत्ताच दिसतंय. मला ते नको आहे. याहून चांगलं लिहिता येत नाही.

भावोजी


२८ जून

धाकटीस,

काल तुझं कार्ड आलं. आज घरीच आहे. कपडे धुतले.

तू लिहितेस, “समन्स नाही म्हणजे न येण्याची मुभा आहे. त्या घराने मला पहिल्यांदाच कसली तरी मुभा दिली. आले तर काय काय सांगायचं आणि काय काय नाही, तेवढं लिहून पाठवा. यादी करायची तुम्हाला सवय आहे.”

टोमणा मारायला एक कार्ड पुरतं हे तू तुझ्या ताईकडूनच शिकलीस.

तर ऐक. फक्त खिडकीचं सांगायचं. तू कधीपासून तिथे बसायचीस, किती वर्षं, उजेड कसा यायचा, जुनी चौकट कशी होती. तेवढं सांगायचं आणि उतरायचं. दहा मिनिटांचं काम. साक्षीदाराने विचारलं तेवढंच बोलावं, हे आमच्या वकिलांचं पहिलं सूत्र आहे.

तुझा रोख कोटाकडे आहे हे मला समजतं. त्या तपकिरी कोटाचा आणि खिडकीचा काही संबंध नाही. लाँड्रीवाल्याने रफूला कोट दिला, कोपरावरचा रफू दिवसाउजेडी हिरवट दिसला, गिऱ्हाईक भांडायला आलं, ताईने तुझं नाव सांगितलं, तू चिडलीस आणि गेलीस. नऊ वर्षं झाली त्याला. कोर्टाला त्याच्याशी काय करायचंय? तिथे कोणी विचारणार नाही. आणि मला विचारशील, तर तो रफू कोणाचा होता ते मला माहीत नाही. मी त्या दिवशी शाळेत होतो.

तू यायचं की नाही ते ठरव आणि कळव. वकील रोज फोन करून विचारतात, “मेहुणीबाई येणार ना?” जसं काही मी तुला खिशात घेऊन फिरतोय.

भावोजी


३ जुलै

धाकटीस,

आज पाण्याच्या टाकीची गळती काढायला प्लंबर आला होता. बाकी कुठे गेलो नाही.

मागच्या पत्रात मी त्या दिवशी शाळेत होतो असं लिहिलं. तो रविवार होता. तुझ्या लक्षात आलंच असेल, म्हणून तर तुझं उत्तर नाही.

रफू ताईचा होता. तू दोन दिवस तापाने पडली होतीस. कोट सोमवारी द्यायचा होता. ती सकाळी अकराला खिडकीशी बसली, चांगला स्वच्छ उजेड होता, आणि मी समोर पेपर वाचत होतो. तिने चार रिळं कोटावर धरून पाहिली आणि पाचवं घेतलं. मला वाटलं की ते जरा हिरवं आहे. मी काही बोललो नाही. रंगातलं मला काय कळतं? ती मला नेहमी म्हणायची, “तुम्हाला शाई आणि खडू एवढेच रंग माहीत.”

पुढे गिऱ्हाईक भांडायला आलं तेव्हा तू पाणी आणायला आत गेली होतीस. ताई म्हणाली, “हे धाकटीचं काम आहे, तिचा हात अजून बसला नाही.” अठरा वर्षांनी! लाँड्रीवाला शेजारी उभा होता. तू तांब्या घेऊन बाहेर आलीस आणि माझ्याकडे पाहिलंस. मी चष्मा पुसत होतो.

त्यानंतर तीन दुकानांनी तुझं काम बंद केलं हे मला पुढे कळलं.

आणखी एक. तिला काचबिंदू होता. त्या रविवारच्या आधीच सुरू झाला असणार. डॉक्टरांनी सांगितलं ते तू गेल्यावर पाच महिन्यांनी. ती दवाखान्यातून रिक्षाने आली. घरी आल्यावर म्हणाली, “रिळांवर नंबर घाला.” मी प्रत्येक रिळाला कागदाची चिठ्ठी चिकटवली आणि नंबर व रंगाचं नाव लिहिलं. मग ती कापड माझ्यापुढे धरायची आणि विचारायची, “हा कितवा?” मी सांगायचो. बरेचदा चुकायचो. काम कमी कमी होत गेलं. तरी रोज नऊला ती खिडकीशी बसायची. शेवटच्या दोन वर्षांत तिला फक्त उजेड आणि सावली कळत होती.

तुझ्याविषयी ती चुकली हे तिला कळलं होतं. मला खात्री आहे. पण तिने सांगितलं नाही, आणि मी विचारलं नाही. म्हणून तुझं नाव घ्यायचं नव्हतं. रागाने नव्हे. तू रागाने समजत असशील.

माझ्या साक्षीत मी शपथेवर सांगितलं की ती अखेरपर्यंत त्या उजेडात बसत होती. हे खरं आहे. डोळ्यांचं मी सांगितलं नाही. टाइल्सवाल्याला कळलं तर तो म्हणेल, आंधळ्या बाईला खिडकी कशाला? वकिलांनाही सांगितलेलं नाही. तुला पहिल्यांदा सांगतोय.

आता तू ये किंवा येऊ नकोस.

भावोजी


१२ जुलै

धाकटीस,

काल तू दहा वाजताच आली होतीस आणि पलीकडच्या बाकावर बसलीस. केस पांढरे झालेत. मी ओळखलं नाही असं तुला वाटलं असेल, ओळखलं होतं.

तुला माहीत आहे तेच पुन्हा लिहितोय, कारण कोर्टात जे झालं ते सगळं त्यांच्या कागदावर उतरलं नाही. निदान माझ्या कागदावर असू दे.

खिडकीचं तू सांगितलंस ते ऐकताना न्यायाधीश बाईंनी रुमालसुद्धा खाली ठेवला. “त्या खिडकीत ऊन येत नाही, उजेड येतो. उन्हात रंग पिवळा दिसतो आणि दिव्याखाली कोणताही रंग जुळतो. म्हणून रंग जुळवायचा तो उत्तरेच्या उजेडात, नऊ ते चार. चारनंतर आम्ही फक्त सुया आवरायचो.” आणि जुन्या चौकटीला डाव्या अंगाला तीन खिळे होते, खालचा वाकडा, हे मीसुद्धा विसरलो होतो. आमचे वकील माझ्या कानात म्हणाले, “काका, ही बाई यादीत पहिली हवी होती.” मला त्यांना चिमटा काढावासा वाटला.

मग तो समोरचा वकील उठला. त्याने कोट काढलाच. कुठून काढला देव जाणे. टाइल्सवाला लाँड्रीत कपडे देतो, तिथलं काहीतरी ऐकलं असेल.

“एवढा उत्तम उजेड होता ना बाई? मग त्या तपकिरी कोटाला हिरवं ठिगळ कसं लागलं?”

“ठिगळ नाही. रफू.”

“बरं, रफू. उजेड नव्हता, की रफू करणारीला दिसत नव्हतं?”

तू माझ्याकडे पाहिलंस. मग त्याच्याकडे.

“उजेड होता. माझा हात चुकला.”

“चूक तुमची?”

“माझी. म्हणूनच ते घर सोडलं.”

मी उभा राहिलो. हे कसं झालं मला सांगता येणार नाही. वकील सदरा ओढत होते. मी म्हटलं, “मला परत पिंजऱ्यात घ्या. मला सांगायचंय.”

बाई म्हणाल्या, “तुमची साक्ष झाली आहे.”

“राहिलेलं सांगायचंय.”

“झालेल्या साक्षीदाराला परत बोलवायचं की नाही, हे पुन्हा कोर्टच ठरवतं. काय सांगणार आहात?”

“तो रफू हिचा नव्हता. माझ्या बायकोचा होता. तिला दिसत नव्हतं.”

टंकलेखक बाईंनी बोटं उचलून न्यायाधीश बाईंकडे पाहिलं, हे लिहायचं का म्हणून. समोरचा वकील एकदम उठून म्हणाला, “साहेब, माझी याला हरकत नाही. घ्या ना, जरूर घ्या.” इतका आनंद मी त्याच्या चेहऱ्यावर दीड वर्षात पाहिला नव्हता.

बाईंनी दोघांनाही बसवलं. “दावा खोलीच्या उजेडाचा आहे, कोणाच्या डोळ्यांचा नाही. तिथे बसणारीला दिसत होतं की नव्हतं, याने खोलीचा हक्क कमी होत नाही आणि जास्तही होत नाही. रफू कोणी केला हा या दाव्याचा मुद्दा नाही. परत बोलावण्याची गरज नाही. हे लिहू नका.”

म्हणजे दीड वर्ष मी जे लपवलं त्याने खिडकीला काही धोका नव्हता. एका वाक्यात संपलं. आणि जे बोललो तेही लिहिलं गेलं नाही. अशा ठिकाणी माणसाने डोकं आपटायचं तरी कुठे? भिंतीलासुद्धा मनाई हुकूम आहे.

बाहेर सायकल स्टँडपाशी तू म्हणालीस, “भावोजी, नऊ वर्षं लावलीत. आणि बोललात तेही जिथे लिहून घेत नाहीत तिथे.”

मी म्हटलं, “तू खोटं का बोललीस?”

“मग काय भर कोर्टात ताईला आंधळी म्हणू? तुमचं पत्र वाचलं नसतं तर खरं बोलले असते. वाचलं म्हणून नाही बोलता आलं.”

“मी बोललो ना.”

“तुम्ही नवरा. तुम्हाला शोभतं.”

मी घरी चल म्हटलं. तू म्हणालीस, “सहाच्या आत कारखान्यात हजेरी लागायची आहे,” आणि गेलीस. गणवेश तपासायचं काम करतेस, हे मला साक्षीत तुझा व्यवसाय विचारला तेव्हा कळलं.

भावोजी


३० ऑगस्ट

धाकटीस,

निकाल लागला. दावा मंजूर. खिडकी राहिली. काल नक्कल मिळाली, तेवीस पानं. वकिलांनी पेढ्यांची आठवण करून दिली. मी उद्या म्हटलं.

सोळाव्या पानावर जे आहे ते जसंच्या तसं उतरवतो. ‘ही साक्षीदार वादीची नातेवाईक असली तरी तिने स्वतःची व्यावसायिक चूक कोणताही आडपडदा न ठेवता मान्य केली आहे. जी व्यक्ती स्वतःच्या बदनामीची गोष्ट इतक्या सरळपणे सांगते, तिच्या इतर कथनावर अविश्वास दाखवण्याचं कारण नाही.’

तीनदा वाचलं. तुझ्या साक्षीत एकच गोष्ट खोटी होती, आणि त्याच गोष्टीमुळे बाकीचं खरं ठरलं. आता तो हिरवा रफू शिक्क्यासकट तुझ्या नावावर झाला.

मी तसाच वकिलांकडे गेलो. म्हटलं, हे दुरुस्त करून घ्यायचंय. ते खुर्चीतून उठले. “काका, जिंकलात ना? मग? साक्षीदार खोटं बोलली असं जिंकलेल्यानेच जाऊन सांगायचं? त्या बाईवर बालंट येईल, खिडकी पुन्हा लटकेल, आणि वर टाइल्सवाला तुमच्या नावाने साखर वाटेल. घरी जाऊन झोपा.”

मला राग आला, पण त्यांचं चुकलं नव्हतं. मी अर्ज करणार नाही. तुझ्यावर बालंट नको हे एक कारण. दुसरं कारण असं की खिडकी मला हवी आहे. हे दुसरं कारण मी लिहिलं नसतं तरी चाललं असतं, पण तुला पत्रं लिहायला लागल्यापासून मला अर्धवट सोडवत नाही.

म्हणून आज लाँड्रीवाल्याकडे गेलो. कोर्टाने नाही लिहिलं तर नाही, निदान ज्याच्या दुकानातून तुझी बदनामी सुरू झाली त्याला तरी सांगावं. रस्ताभर वाक्य घोकत गेलो. तो इस्त्री करत होता. मी सांगितलं, नऊ वर्षांपूर्वीचा तपकिरी कोट, कोपरावरचा रफू, तो धाकटीने केला नव्हता.

तो इस्त्री उभी करून म्हणाला, “माहीत आहे.”

“काय माहीत आहे?”

“तो थोरल्या बाईंचा होता. मी कोट उलटा करून बघितला होता की तेव्हाच. थोरल्या बाई धागा संपवताना मागे दोन वळसे घ्यायच्या, धाकटी एक घेते. माणूस खोटं बोलेल, कापडाची मागची बाजू नाही बोलत. तुमच्या घरचा रफू मी वीस वर्षं हाताळलाय, हात ओळखणार नाही?”

“मग तेव्हा बोलला का नाहीत?”

“मला कोणी विचारलं?”

“तिचं काम बंद केलंत तुम्ही!”

“थोरल्या बाईंनी सांगितलं, हिला काम देऊ नका. त्यांचं ऐकायचं की नाही? आणि साहेब, तुम्ही शेजारी उभे होतात. चष्मा पुसत. घरचा माणूस बोलत नाही, तर मी लाँड्रीवाला मध्ये तोंड घालणारा कोण?”

मी बाकड्यावर बसलो. त्याने मला पाणी दिलं आणि पुन्हा इस्त्री करायला लागला. त्याचा एक सदरा संपला. मग मी म्हटलं, लिहून द्या. तो म्हणाला, “कशाला, कोर्टात चालणार का?” मी म्हटलं, नाही. तो म्हणाला, “मग देतो.”

पावतीच्या मागच्या बाजूला त्याने लिहून दिलंय, सोबत जोडलं आहे. अक्षर गिचमिड आहे, म्हणून खाली उतरवतो. ‘तपकिरी कोट माझ्या दुकानाचा. रफू थोरलीचा. धाकटीचा नाही. मी तेव्हा बघितलं होतं.’ खाली सही आणि दुकानाचा शिक्का. त्याच्याखाली मी लिहिलंय, ‘मीही बघितलं होतं,’ आणि सही केली आहे. बाकीच्या दोन दुकानांत उद्या जाणार आहे. एकाचा मालक बदलला आहे म्हणतात. तरी सांगणार.

या कागदाचं तू काय करायचं ते तू ठरव. फाडलास तरी चालेल. उत्तराची घाई नाही.

इथवर लिहिलं आणि नळाला पाणी आलं. उठून मोरीत बादली लावली. धार बारीक होती. ती भरेपर्यंत उभा राहिलो, मग दुसरी लावली.

भावोजी